चौदा हातांचं घर

हौसा मिठाचं माप घालायची तेव्हा अंगठा अधोलीच्या बाहेर ठेवायची. ऐकायला ही गोष्ट क्षुल्लक वाटेल, पण पनवेलच्या बाजारात त्या काळी अंगठा आत घालून माप भरणाऱ्यांची काही कमी नव्हती. वीस गिऱ्हाइकं झाली की त्या अंगठ्याखाली एका गिऱ्हाइकाचं मीठ फुकट वाचतं, हे सगळ्या विकणाऱ्यांना ठाऊक होतं आणि घेणाऱ्यांनाही. हौसा मात्र वर शीग येईपर्यंत अधोली भरायची, ओतायची आणि वर आणखी एक चिमूट टाकायची. त्यामुळे बंदरापासून प्रभूआळीपर्यंतच्या बायका दुसऱ्या मीठवालीला दारात उभं करत नसत. हौसाला याचा अभिमान होता. जरा जास्तच होता म्हणा ना.

तिचा नवरा काळूराम मचव्यावर तांडेल होता. मूळचा द्रोणागिरीच्या डोंगराखालच्या आगरी गावचा, पण मचवा पनवेलच्या बंदरात लागायचा म्हणून बिऱ्हाड इथंच. माणूस शिडशिडीत, आणि हात असे लांब की बसल्या जागेवरून हा सुकाणू धरतो आणि शीडही आवरतो, असं त्याचे खलाशी चेष्टेनं म्हणायचे. स्वातंत्र्य आलं त्या साली त्यानं बंदराकडे उतरणाऱ्या बोळात घरापुरती, चौदा हात लांब जागा घेतली. जागा घेतली त्याच दिवशी त्यानं बांबूची एक काठी कापली, कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत, बरोबर आपल्या एका हाताची. त्यांच्या गावात घर घरधन्याच्या हातानं मोजायची रीत होती. गवंड्याचा हात चालत नसे, बाजारातला गज तर नाहीच. धन्याचा हात ज्या घराला लागला ते घर धन्याला ओळखतं, असं तिकडं मानत.

"चौदा हात लांब घेऊ," काळूराम म्हणाला होता. "रुंदीला शेजाऱ्यांच्या भिंती हायतच."

दोन महिन्यांनी मचव्यावरच त्याला ताप भरला आणि तो गेला. काठी राहिली. हौसा आणि तिची मुलगी भामा नऊ वर्षं दुसऱ्याच्या पडवीत राहिल्या, आणि ती काठी पडवीच्या वाशात खोचलेली राहिली. हौसानं मीठ विकून, रोज डोक्यावर पाटी वाहून, नऊ वर्षांत दगडविटांपुरतं जमवलं. छप्पन सालच्या दिवाळीनंतर तिनं घर बांधायला काढलं.

परवानगीचा अर्ज कचेरीबाहेर चिंचेखाली बसणाऱ्या अर्जनवीसानं लिहिला. "लांबी किती?" त्यानं विचारलं. "चौदा हात," हौसा म्हणाली. एक हात म्हणजे दीड फूट, हे त्याला झोपेतही ठाऊक. त्यानं मान वर न करता एकवीस फूट लिहिलं. हौसानं अंगठा उमटवला. हात कुणाचा, हे त्यानं विचारलं नाही, आणि हे सांगावं लागतं हे तिला माहीत नव्हतं. परवानगी आली तीही एकवीस फुटांची. तो कागद तिनं डोक्याला लावून पेटीत ठेवला.

पाया आखायला बुधाजी गवंडी आला. साठीला टेकलेला, तिच्याच गावचा, नात्यानं लांबचा मामा. म्युनिसिपालिटीच्या यादीत ज्यांची नावं होती त्या गवंड्यांपैकी तो एक. त्यानं काठी हातात घेतली, आपल्या हाताशेजारी धरली आणि कपाळाला आठी घातली.

"हौसा, काठी लांब हाय. माज्या हातापरीस चांगली दोन बोटं जास्त भरते."

"लांब असंल. त्यांचाच हात हाय तो."

"कागदावर काय लिवलंय?"

"चौदा हात. तेच लिवलंय."

"मी काय बोलतोय, एकदा फितीनं..."

"मामा," हौसा म्हणाली, "नऊ वर्सं मी ही काठी जपली ती काय चुलीत घालायला? घर त्यांच्या हातानं व्हईल, नायतर व्हनारच नाय."

तिच्याशी वाद घालून जिंकलेला माणूस पनवेलात अजून जन्माला यायचा होता. मागच्या शेजाऱ्याच्या भिंतीपासून बुधाजीनं चौदा काठ्या मोजल्या आणि चौदाव्या काठीच्या टोकाला खुंटी ठोकली. पुढची हद्द दाखवणारा दगड बोळाच्या चिखलात केव्हाच रुतून दिसेनासा झाला होता. खुंटी हद्दीत आहे की बोळात, हे पाहायला तिथं काहीच नव्हतं.

संक्रांतीला हौसा आणि भामा नव्या घरात राहायला गेल्या, काठी आढ्याला टांगली. आणि महिनाभरात बोळात गाड्या अडकायला लागल्या.

बंदरावरून कौलांनी भरलेल्या बैलगाड्या त्या बोळातून वर चढायच्या. हौसाच्या घरापाशी बोळाला वळण होतं. पूर्वी गाडी तिथून सहज वळायची. आता चाकाची आस नव्या भिंतीला घासायची, बैल अडखळायचे, मागून येणाऱ्या गाड्या तुंबायच्या आणि गाडीवान एकमेकांच्या आयाबहिणींची आठवण काढायचे. बोळाच्या वरच्या तोंडाशी धर्मराजची कौलांची वखार होती. त्याची एक गाडी तिथं कलंडली आणि अर्धी कौलं फुटली, तेव्हा त्यानं तक्रार केली. त्याला वाईट म्हणायचं तर म्हणा, पण त्याची कौलं खरोखरच फुटली होती.

म्युनिसिपालिटीचा ओव्हरसियर फीत घेऊन आला. तरुण, सावळा, कमी बोलणारा. त्यानं मागच्या भिंतीपासून पुढच्या भिंतीपर्यंत फीत ताणली, वाचली, पुन्हा ताणली.

"बाई, तेवीस फूट चार इंच भरतंय. तुमची जागा एकवीस फूट. दोन फूट चार इंच तुम्ही रस्त्यात आलात."

"काय तरी चुकतंय साहेब. चौदाच हात हाय. एक बोटबी जास्त नाय."

"फीत चुकत नाही," तो म्हणाला. आवाजात तोरा नव्हता.

चार दिवसांनी नोटीस आली. शिपायानं दारात उभं राहून वाचून दाखवली. रस्त्यातलं बेकायदा बांधकाम पंधरा दिवसांच्या आत स्वतः काढावं, न काढल्यास म्युनिसिपालिटी काढील. भामानं घाबरून आईचा हात धरला. हौसानं विचारलं, "म्हंजे भितच पाडनार ना? मागं दुसरी बांधीन." शिपाई नोटीस हातात देऊन निघून गेला. उत्तर दिलं ते बुधाजीनं, संध्याकाळी येऊन, ओट्यावर टेकत.

"पोरी, आढं ह्या पुढच्या भितीवर टेकलंय. माणसं येतील, पहारीनं भित पाडतील. भित पडली का आढं खाली, आढं पडलं का कौलं, वासे, समदं घर खाली. टेकू लावायला त्यांना कोन सांगनार?"

हौसा वर बघत राहिली. नऊ वर्षांनी डोक्यावर आलेलं छप्पर होतं ते.

गुप्ते वकिलांच्या घरी ती पंधरा वर्षं मीठ घालत होती. दुसऱ्या दिवशी पहाटेच ती मिठाच्या पाटीशिवाय त्यांच्या दारात उभी राहिली. वकिलांनी नोटीस वाचली, चष्मा पुसला, तिची सगळी हकिगत ऐकली. त्यांनी कोर्टात दावा लावला आणि सुनावणी होईपर्यंत घराला हात लावू नये असा मनाई हुकूम मिळवला. सुनावणी शिमग्याच्या चार दिवस आधी नेमली गेली. मग त्यांनी हौसाला बोलावून तिला काय बोलायचं ते शिकवलं.

"हे बघ हौसा, खोटं बोलायचं नाही. फक्त इतकंच सांगायचं, की माप गवंड्यानं घेतलं. घेतलं ना त्यानं?"

"घेतलं."

"मग झालं तर. तू अडाणी बाई, विधवा, तुला फुटाइंचातलं काय कळतं? परवानगी एकवीस फुटांची, गवंड्यानं बांधलं तेवीस फूट. चूक त्याची. कोर्टाला तुझी दया येईल, मी तडजोडीचं बोलेन, दंडावर भागवू. काठीचं नाव काढू नकोस. काठीचं कुणाला काही माहीत नाही."

"आनि मामांचं काय?"

"त्याला नोटीस जाईल. यादीतून नाव काढतील फार तर. म्हाताराच झालाय आता."

हौसा घरी आली. त्यानंतरचे बारा दिवस तिचा जीव टांगणीला लागला होता. मीठ विकायला जायची, पण लक्ष बोळाकडे. कुठं पहारीचा आवाज आला की पाटी टाकून धावत सुटायची, आणि पाहायची तर कुणी तरी गटाराची फरशी उचलत असायचा. मनाई हुकूम म्हणजे कागद. कागद पहार कसा अडवील, हे तिला पटत नव्हतं. दुपारी घरात बसली की आढ्याकडे बघायची. भामा म्हणायची, "आये, जेव." जेवण उतरायचं नाही.

एक दिवस बुधाजी आला. वकिलाचं बोलणं त्याच्यापर्यंत पोचलं होतं, अशा गोष्टी पोचतातच.

"माजं नाव सांग, हौसा," तो म्हणाला. "माजी साठी झाली. यादीत ऱ्हायलो काय नि गेलो काय."

असं म्हणताना त्यानं तिच्याकडे पाहिलं नाही. तो आपल्या हातातली थापी कपड्यानं पुसत होता. थापी स्वच्छ होती, तरी पुसत होता. यादीतून नाव गेलं तर बुधाजीला पनवेलात कुणी विटेला वीट लावायला बोलावणार नव्हतं. त्याच्या घरात मिळवणारा तो एकटाच होता. हे त्यालाही ठाऊक होतं आणि हौसालाही.

"बघू मामा," ती म्हणाली, आणि हे बोलल्याची तिची तिलाच लाज वाटली. कारण ती खरोखरच बघत होती. मनात तोलून बघत होती. घर एका बाजूला आणि मामा दुसऱ्या बाजूला. वकील म्हणाले ते खोटं नव्हतंच, माप गवंड्यानंच घेतलं होतं. फक्त थोडंसं झाकायचं होतं. अंगठ्याएवढं.

सुनावणीच्या दिवशी ती निघाली. दार ओढलं, चार पावलं चालली, परत आली, आणि आढ्याला टांगलेली काठी काढून पदराखाली घेतली. भामानं ते पाहिलं.

कोर्टात बाकावर बुधाजी धुतलेलं धोतर नेसून बसला होता. पलीकडे ओव्हरसियर कागद सांभाळत होता. मागं धर्मराज आणि दोन गाडीवान. हौसाचं नाव पुकारलं. तिनं शपथ घेतली.

"नवऱ्याचं नाव?" कारकुनानं विचारलं.

नवऱ्याचं नाव तिनं जन्मात घेतलं नव्हतं, तो गेल्यावरही नाही. मागून कुणी तरी "काळूराम" म्हणून सांगितलं तेव्हा काम पुढं सरकलं.

गुप्ते वकील उठले. "हौसाबाई, घराच्या पायाचं माप कुणी घेतलं?"

"बुधाजी गवंड्यानं."

वकिलांनी समाधानानं मान हलवली आणि जज्जसाहेबांकडे वळले. त्यांचं काम झालं होतं. एवढ्यावर हौसानं खाली उतरायचं, असं ठरलं होतं. ती उतरली नाही.

"पन काठी माजी व्हती," ती म्हणाली.

वकिलांनी वळून पाहिलं. "कसली काठी? तू जा, बस खाली."

"बोलू द्या," जज्जसाहेब म्हणाले.

हौसानं पदराखालून काठी काढली. "ही भामाच्या बापाची काठी. त्यांच्या हाताची. आमच्या गावात घर धन्याच्या हातानं मोजतात. मामा बोलले व्हते, काठी लांब हाय, फितीनं घेऊ. मीच ऐकलं नाय. मामांनी माज्या काठीनं चौदा मोजले. त्यांची चूक नाय. चूक काय असंल ती माजी."

कोर्टात कुजबुज झाली. बुधाजीनं मान खाली घातली. जज्जसाहेबांनी काठी मागवून घेतली. कारकुनानं पट्टी लावली. "वीस इंच, साहेब."

जज्जसाहेबांनी टेबलावर काठी ठेवली आणि सहज, कुणाला दाखवायला नव्हे, तिच्याशेजारी आपला हात ठेवला. कोपर काठीच्या बुडाशी. त्यांचं मधलं बोट काठीच्या टोकाच्या दोन इंच अलीकडे संपलं.

"उंच होता का?" त्यांनी विचारलं.

"हात लांब व्हते," हौसा म्हणाली.

निकाल त्याच दिवशी सांगितला गेला. रस्ता सर्वांचा आहे, हात कुणाचा किती लांब यावरून तो कमी करता येत नाही. पुढची भिंत हद्दीच्या आत घ्यावीच लागेल. मात्र बाईनं काही लपवलं नाही, तेव्हा म्युनिसिपालिटीनं एकवीस दिवस थांबावं, आणि बाईनं स्वतः टेकू लावून भिंत काढावी व मागं बांधावी. गवंड्यानं मालकिणीनं दिलेल्या मापानं काम केलं, त्याच्यावर ठपका नाही. काठीला चिठ्ठी बांधून ती पुरावा म्हणून कोर्टात ठेवली गेली. अपिलाची मुदत संपल्यावर अर्ज केल्यास परत मिळेल, असं कारकून म्हणाला.

बाहेर येताच गुप्ते वकील तडकले. "जिंकलेली केस घालवलीस. दंडावर सुटली असतीस."

"व्हय साहेब," हौसा म्हणाली. "तुमचे उपकार हायत." आणि ती खरंच तसं मानत होती. पण घरापर्यंतच्या वाटेत तिला हलकं वाटत होतं, आणि त्याच वेळी आपण आपल्याच हातानं घर मोडायला निघालोय या विचारानं पाय जड होत होते. दोन्ही एकदमच.

शिमगा झाल्यावर बुधाजीनं आढ्याला चार टेकू लावले. सागाचे वासे त्यानं कुठून आणले ते सांगितलं नाही. पुढच्या भिंतीच्या विटा एकेक करून काढल्या, एकही फुटू दिली नाही. तिसऱ्या दिवशी घर पुढून उघडं पडलं. बोळातून जाणारे गाडीवान आत बघत जायचे. एकानं उतरून विटा रचायला हात लावला. तो धर्मराजचाच गाडीवान होता.

मग भिंतीची जागा आखायची वेळ आली. बुधाजी सवयीनं आढ्याकडे वळला आणि थबकला. काठी तिथं नव्हती. ती कोर्टाच्या कपाटात होती.

"फितीनं एकवीस घेऊ," तो म्हणाला. "वव्हरसियर तेच बोलला. म्हंजे वाद नको."

हौसा उघड्या घरात उभी होती. मागच्या भिंतीपासून बोळापर्यंत तिनं एक नजर टाकली.

"त्यांच्या हाताचं घर मोडलं, मामा," ती म्हणाली. "आता इथं घरधनी कोन?"

बुधाजीनं थापी खाली ठेवली. "तूच की. दुसरं कोन हाय?"

हौसानं पदर खोचला आणि मागच्या भिंतीपाशी गुडघे टेकले. उजवं कोपर भिंतीला लावून तिनं हात जमिनीवर लांब केला. मधल्या बोटापाशी बुधाजीनं कोळशानं रेघ मारली. रेघेवर कोपर, बोटापाशी रेघ. भामा जवळ येऊन मोजायला लागली. एक, दोन, तीन. मीठ वाहून हौसाच्या बोटांच्या पेरांवर भेगा पडल्या होत्या, त्यात जमिनीवर सांडलेला चुना भरत गेला. काळूरामचे चौदा हात बोळात जाऊन पोचले होते. हौसाचे चौदा हात बोळाच्या अलीकडे, हद्दीच्याही अलीकडे संपले. चौदाव्या रेघेपाशी ती तशीच ओणवी राहिली आणि तेव्हा रडली. नऊ वर्षांत भामानं तिला रडताना पाहिलं नव्हतं.

ओव्हरसियर मुदतीच्या आदल्या दिवशी आला. भिंत कमरेपर्यंत आली होती. त्यानं फीत ताणली, वाचली, पुन्हा ताणली.

"बाई, एकोणीस फूट दहा इंच भरतंय. हद्द एकवीसची आहे तुमची. चौदा इंच जागा तुम्ही हकनाक सोडली." तो थोडा घुटमळला. "चुना ओला आहे अजून. भिंत पुढं घ्या, मी चार दिवसांनी येतो."

"नको साहेब. बरोबर हाय."

"एकवीस फूट म्हणजे तुमचे चौदा हात, असंच ना ठरलं होतं?"

"हे चौदाच हायत."

आणि अर्ज लिहिताना जे कुणी विचारलं नव्हतं, ते त्यानं आता विचारलं. "कुणाचे?"

हौसानं चुन्यानं माखलेला उजवा हात त्याच्यापुढं धरला, कोपरापासून बोटांपर्यंत.

"माजे," ती म्हणाली. "लिवा तसं."